‘धमनी’ : एका शब्दाचा अर्थ आणि उपयोग

शरीरशास्त्राचा धडा वाचतांना आपल्या विद्यार्थ्यांस शब्दांची एक अडचण हटकून पडते. हृदयापासून रक्त बाहेर नेणाऱ्या नळीस एका पुस्तकांत ‘धमनी’ म्हटलेलें असतें, दुसऱ्यांत ‘रोहिणी’ म्हटलेलें असतें. घरीं वडील माणसें मनगटाशीं उडणाऱ्या त्याच नळीस ‘नाडी’ म्हणतात, आणि शेतावरचा गडी सगळ्यांस मिळून ‘शीर’ म्हणतो. त्यांत एखाद्या विद्यार्थ्यानें सुश्रुतसंहितेचें भाषांतर उघडलें, तर मनुष्य धमन्यांच्या योगानें ऐकतो, बोलतो, श्वास घेतो व जांभई देतो, असें वाचून तो अधिकच गोंधळतो. मग वर्गांत दोन पक्ष पडतात. एक पक्ष म्हणतो कीं, आपल्या प्राचीनांस सर्व कांहीं ठाऊक होतें. दुसरा म्हणतो कीं, त्यांस कांहींच ठाऊक नव्हतें. आमच्या मतें दोन्ही पक्ष एकच चूक करितात. ते शब्दाचा आजचा अर्थ दोन हजार वर्षांपूर्वींच्या वाक्यांत घालतात. ही चूक कशी टाळावी, हें ह्या एका शब्दाच्या इतिहासावरून दाखवावें, असा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

प्रथम शब्दाची फोड पाहूं. ‘धमनी’ हा शब्द संस्कृत ‘ध्मा’ ह्या धातूपासून झाला आहे. ध्मा म्हणजे फुंकणें. शंख फुंकणें, वाद्यांत वारा भरणें, भात्यानें विस्तव फुलविणें, ह्या सर्व क्रियांस हा धातु लागतो. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलांत सृष्टि घडविणाऱ्या देवतेस फुंकर घालणाऱ्या लोहाराची उपमा दिली आहे, तेथें हाच धातु आहे. पोट वायूनें फुगलें म्हणजे वैद्य त्यास ‘आध्मान’ म्हणतात, तेंही ह्याच घराण्यांतलें. गुजराथींत लोहाराच्या भात्यास अजून ‘धमण’ म्हणतात. आपल्या जिल्ह्याचें मुख्य गांव भंडारा हें पितळेच्या भांड्यांबद्दल प्रसिद्ध. भट्टीजवळ उभें राहून भात्याची उघडझाप ज्यानें पाहिली असेल, त्यास ‘धमनी’ ह्या शब्दाचा मूळ अर्थ फोडून सांगावयास नको. जिच्यांतून वारा फुंकला जातो ती नळी, हाच तो अर्थ.

रक्ताच्या नळीस वाऱ्याच्या नळीचें नांव कां पडावें, असा प्रश्न येथें साहजिकच उभा राहतो. हा आपल्याच भाषेचा विक्षिप्तपणा असावा, असें कोणास वाटेल. परंतु तसें नाहीं. इंग्रजींत ह्या रक्तवाहिनीस ‘आर्टरी’ म्हणतात. तो शब्द ग्रीक ‘आर्टीरिआ’ ह्यापासून आला, आणि त्या भाषेंत त्याचा एक जुना अर्थ श्वासाची नळी असाच आहे. ॲरिस्टॉटल हा तत्त्ववेत्ता इ. स. पूर्वीं चौथ्या शतकांत होऊन गेला. त्याच्या प्राणिविषयक ग्रंथांत आर्टीरिआ म्हणजे गळ्यांतून फुप्फुसांकडे जाणारी वायूची नळी होय. पुढें तोच शब्द हृदयापासून निघणाऱ्या वाहिन्यांसही लावूं लागले. एका नांवाच्या दोन वस्तु झाल्या, तेव्हां त्यांत भेद करणें भाग पडलें. म्हणून गळ्यांतील नळीस ‘ट्राखेइआ’, म्हणजे खरबरीत, असें विशेषण जोडण्यांत आलें.

हें विशेषण किती यथार्थ आहे, हें ज्यास पाहावयाचें असेल त्यानें कंठमण्याच्या खालीं हळूच बोट फिरवावें. कूर्चेचीं कडीं एकाखालीं एक बोटास लागतात. मोठ्या माणसाच्या श्वासनलिकेंत अशीं १६ ते २० कडीं असतात, व ती नळी सुमारें १० ते १२ सेंटिमीटर लांब असते. कडीं मागच्या बाजूस पुरतीं मिळालेलीं नसतात, कारण तेथें अन्ननलिका लागून असते व घास उतरतांना तिला फुगावयास जागा लागते. कालांतरानें ह्या जोडनांवाचे दोन तुकडे झाले. नाम रक्तवाहिनीकडे राहिलें आणि विशेषण एकटेंच श्वासनलिकेचें नांव होऊन बसलें. आज डॉक्टर श्वासनलिकेस ‘ट्रेकिया’ म्हणतात, त्याचा अक्षरार्थ नुसता ‘खरबरीत’ एवढाच आहे. काय खरबरीत, तें सांगणारा शब्द शेजारणीनें नेला!

ग्रीक वैद्यांनीं वायूची कल्पना कां केली, ह्याचें एक मोठें कारण मृत शरीरांत सांपडतें. प्राणी मेल्यावर धमन्यांच्या जाड व लवचिक भिंती आकुंचन पावतात, आणि त्यांतील बहुतेक रक्त शिरांकडे लोटलें जातें. शिरांच्या भिंती पातळ असल्यामुळें त्या रक्तानें भरलेल्या राहतात. प्रेत उघडून पाहणारास म्हणून एका जातीच्या नळ्या भरलेल्या व दुसऱ्या जातीच्या जवळ जवळ रिकाम्या दिसतात. रिकाम्या नळींत वायूच वाहत असला पाहिजे, असें मत कोस बेटांतील प्राक्सागोरस ह्या वैद्यानें मांडलें. ठोके ह्याच नळ्यांत लागतात, शिरांत लागत नाहींत, हेंही त्यानें ओळखलें होतें. पुढें इ. स. पूर्वीं तिसऱ्या शतकांत एरासिस्ट्राटस यानें तें मत उचलून धरिलें. जिवंत प्राण्याची धमनी कापली असतां रक्त कां उडतें, ह्या प्रश्नास त्याचें उत्तर असें होतें कीं, छेद होतांच आंतला वायु निसटून जातो आणि ती पोकळी भरून काढण्यास शेजारच्या शिरांतून रक्त धांवत येतें. उत्तर चुकीचें होतें, पण डोळ्यांनीं पाहिलेल्या गोष्टींचा मेळ घालण्याचा तो प्रामाणिक यत्न होता.

ह्या वादाचा निकाल इ. स. च्या दुसऱ्या शतकांत गेलन ह्या वैद्यानें एका साध्या प्रयोगानें लाविला. त्यानें जिवंत प्राण्याची धमनी दोन ठिकाणीं दोऱ्यानें बांधिली व मधला भाग चिरला. दोन्हीकडची वाट बंद असतांही आंतून रक्तच निघालें. वायूचा सिद्धांत तेथें पडला. नांव मात्र पडलें नाहीं. ज्या समजुतीवरून नांव पडलें ती समजूत जाते आणि नांव राहतें, हा भाषेचा नियमच आहे. सूर्य उगवत नाहीं, पृथ्वी फिरते, हें ठाऊक असूनही आपण ‘सूर्योदय’ म्हणतोंच कीं नाहीं?

आतां आपल्या देशाकडे वळूं. ‘धमनी’ शब्दाचा रक्ताशीं संबंध येथें फार प्राचीन आहे. अथर्ववेदाच्या पहिल्या कांडांत रक्तस्राव थांबविण्याचें एक सूक्त आहे. त्यांत धमन्या आणि ‘हिरा’ ह्या दोन्हींचा उल्लेख येतो. ही हिरा म्हणजेच पुढची ‘सिरा’, आणि सिरा म्हणजे आपली ‘शीर’. चरकसंहितेंत तीन नांवांची फोड दिली आहे. फुंकण्यावरून धमनी, स्रवण्यावरून स्रोतस्, आणि सरण्यावरून, म्हणजे पुढें सरत जाण्यावरून, सिरा. त्याच ग्रंथांत हृदयास लागलेल्या दहा मोठ्या वाहिन्यांचें वर्णन आहे, आणि दुसऱ्या ठिकाणीं धमन्यांची संख्या २०० व सिरांची ७०० सांगितली आहे.

सुश्रुतसंहितेंत सिरा ७०० च आहेत, पण धमन्या अवघ्या २४ : १० वर जाणाऱ्या, १० खालीं जाणाऱ्या व ४ तिरप्या. त्यांचें मूळ तेथें नाभि हें मानिलें आहे. गर्भाचें पोषण नाळेंतून होतें हें ज्यांनीं पाहिलें, त्यांनीं नाभीस मूळ मानावें ह्यांत नवल नाहीं. शब्द, स्पर्श, रूप, रस, गंध, श्वास, उच्छ्वास, जांभई, शिंक, हंसणें, बोलणें व रडणें, हीं वर जाणाऱ्या धमन्यांचीं कामें म्हणून गणलीं आहेत. आजच्या भाषेंत बोलावयाचें तर ह्यांतील कांहीं कामें मज्जातंतूंचीं आणि कांहीं श्वासनलिकांचीं आहेत. म्हणजे ह्या प्रकरणांत ‘धमनी’ हा शब्द आजच्या धमनीपेक्षां पुष्कळ रुंद आहे. जेथें जेथें शरीरांतून एखादी प्रेरणा लोटली जाते असें वाटलें, तेथें तेथें वाट दाखविणारें तें नांव आहे.

सुश्रुताच्या काळींही ह्या शब्दांविषयीं मतभेद होता. सिरा, धमनी व स्रोतस् हीं एकाच वस्तूचीं नांवें आहेत असें कित्येक म्हणत. त्यावर ग्रंथकार उत्तर देतो कीं, त्यांचीं लक्षणें, मुळें व कामें निराळीं आहेत. मात्र तीं जवळ जवळ असतात, सूक्ष्म असतात आणि त्यांचीं कामें सारखीं दिसतात, म्हणून तीं एकच भासतात. हा वाद लपवून न ठेवितां ग्रंथांत नमूद करून ठेविला, ही गोष्ट आम्हांस फार मोलाची वाटते. शरीर पाहण्याची त्याची रीतही येथें ध्यानांत घ्यावी. प्रेत गवतानें वेष्टून वाहत्या पाण्यांत सात रात्री ठेवावें व मग वाळ्याच्या किंवा केसांच्या कुंच्यानें एक एक थर हळूहळू घासून काढावा, असें तो सांगतो. अशा शरीरांत स्नायु व हाडें चांगलीं दिसतील. पण कोणत्या नळींत जिवंतपणीं काय वाहत होतें, तें दिसणार नाहीं.

सिरांविषयीं सुश्रुतानें दिलेला एक दृष्टांत आम्हां सिहोरेकरांस टीकेवांचून कळण्याजोगा आहे. बागेस जसें पाटांनीं व शेतास जसें कालव्यांनीं पाणी मिळतें, तसें शरीर सिरांनीं भिजतें व पोसलें जातें, असा त्याचा आशय आहे. सिहोऱ्याजवळ चांदपूरचा विस्तीर्ण तलाव आहे. त्याचें पाणी मोठ्या नहरांतून लहान पाटांत आणि पाटांतून धानाच्या बांध्यांत कसें उतरतें, हें येथील मुलांच्या नित्य पाहण्यांतलें आहे. परंतु ह्या दृष्टांतानें प्राचीनांचें ज्ञान जितकें कळतें तितकीच त्याची सीमाही कळते. नहराचें पाणी बांधींत जिरतें; तें तलावाकडे परत येत नाहीं. रक्त मात्र परत येतें. ही परत येण्याची गोष्ट सुश्रुतास दिसली नाहीं, आणि गेलन यासही दिसली नाहीं. त्याच्या मतेंही यकृतांत झालेलें रक्त अवयवांत जाऊन खर्ची पडे.

ती गोष्ट हप्त्याहप्त्यानें उलगडली. तेराव्या शतकांत इब्न अन्-नफीस ह्या अरब वैद्यानें दाखविलें कीं, हृदयाच्या उजव्या भागांतलें रक्त फुप्फुसांतून फिरूनच डाव्या भागांत येतें. १६२८ सालीं इंग्लंडांतील विल्यम हार्वे यानें सर्व शरीराच्या रक्ताभिसरणाचा ग्रंथ प्रसिद्ध केला. त्याच्या युक्तिवादाचा गाभा साध्या गुणाकाराचा आहे. आजचे आंकडे घेऊन तो असा मांडतां येईल. हृदयाच्या एका ठोक्यास सुमारें ७० मिलिलिटर रक्त बाहेर पडतें. मिनिटास ७० ठोके धरिले, तर मिनिटाला जवळ जवळ ५ लिटर रक्त धमन्यांत जातें. मोठ्या माणसाच्या शरीरांत रक्तच मुळीं सुमारें ५ लिटर. एवढें नवें रक्त दर मिनिटास कोठून निर्माण व्हावें, आणि जुनें कोठें जिरावें? तेव्हां तेंच रक्त फिरून येत असलें पाहिजे. तें धमन्यांतून शिरांत कोणत्या वाटेनें जातें, हें हार्वेस दिसलें नव्हतें. १६६१ सालीं माल्पीगी यानें सूक्ष्मदर्शकाखालीं बेडकाचें फुप्फुस पाहिलें, आणि त्यास केंसांहून बारीक अशा केशवाहिन्या दिसल्या.

हार्वेचा दुसरा पुरावा आपल्या खेड्यांतल्या नित्याच्या व्यवहाराशीं निगडित आहे. त्यानें दंडास पट्टी बांधून दाखविली. पट्टी फार घट्ट बांधिली तर मनगटाची नाडी लागत नाहीं व हात पांढरा आणि थंड पडतो, कारण खोल असलेली धमनी दाबली जाते. तीच पट्टी थोडी सैल केली तर धमनी मोकळी होते, पण वरवरच्या शिरा दाबलेल्याच राहतात. रक्त आंत येतें व परत जाऊं शकत नाहीं, म्हणून हात फुगतो व शिरा टरारून वर येतात. धानाच्या हंगामांत सर्पदंश झाला म्हणजे दंशाच्या वर दोरी करकचून आवळण्याची आपल्याकडे जुनी चाल आहे. तिनें धमनीच बंद होऊन हात किंवा पाय निकामी होण्याचें भय असतें. म्हणून आजचे डॉक्टर सांगतात कीं, अशी दोरी आवळूं नये, दंशाची जागा कापूं नये, तो अवयव हलूं न देतां रोग्यास तांतडीनें रुग्णालयांत न्यावें. विळा लागून धमनी कापली गेली तर लालभडक रक्त ठोक्याठोक्यानें उडतें. शीर कापली गेली तर गडद रक्त संथ वाहतें. दोहोंतही पहिला उपाय एकच : स्वच्छ फडक्यानें जखम घट्ट दाबून धरणें व मदत मिळेपर्यंत दाब न सोडणें. शब्दांचा भेद असा केव्हां केव्हां जिवाशीं येऊन भिडतो.

आतां मराठी शब्दांचा विचार करूं. ‘नाडी’ ह्या शब्दाचा मूळ अर्थही नळीच आहे. बोरूसारख्या पोकळ ‘नडा’शीं त्याचें नातें आहे. चरक व सुश्रुत यांनीं नाडीपरीक्षेचें वर्णन केलेलें नाहीं. तें पुढच्या शार्ङ्गधरसंहितेंत येतें. आणि तेथें अंगठ्याच्या मुळाशीं असलेल्या धमनीस जीविताची साक्षी म्हटलें आहे. तिच्या चालीस साप, बेडूक व हंस यांच्या चालींच्या उपमा दिल्या आहेत. येथील ‘धमनी’ आणि आजची धमनी यांत कांहींच अंतर नाहीं, कारण मनगटाशीं उडणारी ती नळी धमनीच होय. एकच शब्द एका ग्रंथांत रुंद व दुसऱ्यांत नेमका कसा असतो, हें ह्यावरून दिसेल.

‘रोहिणी’ व ‘नीला’ हे शब्द मराठी पुस्तकांत पुष्कळ वर्षें रूढ आहेत. मराठी विश्वकोशांतही ते आढळतात. हीं नांवें सुश्रुतांतलींच आहेत. त्यानें सिरांचे चार वर्ग केले होते. वायु वाहणाऱ्या अरुण, पित्त वाहणाऱ्या नील, कफ वाहणाऱ्या गौर आणि रक्त वाहणाऱ्या रोहिणी, म्हणजे तांबड्या. प्रत्येक वर्गाच्या १७५. जुनींच नांवें, पण अर्थ नवा. ह्या नांवांत रंग आहे, म्हणून तीं लवकर पाठ होतात. पण त्यांतच एक फसगत आहे. ‘जिच्यांत शुद्ध रक्त असतें ती रोहिणी व जिच्यांत अशुद्ध असतें ती नीला,’ अशी व्याख्या विद्यार्थी लिहितात. ती फुप्फुसाशीं जातांच मोडते. हृदयाकडून फुप्फुसांकडे जाणाऱ्या धमनींत प्राणवायु कमी असलेलें गडद रक्त असतें, आणि फुप्फुसांकडून हृदयाकडे येणाऱ्या शिरांत लालभडक रक्त असतें. गर्भाच्या नाळेंतही असाच उलट प्रकार आहे. शिवाय कातडीखालीं निळी दिसणारी शीर रक्तामुळें निळी नसते. आंतलें रक्त गडद तांबडेंच असतें. म्हणून व्याख्या रंगावरून करूं नये, दिशेवरून करावी. हृदयाकडून दूर नेते ती धमनी, हृदयाकडे आणते ती शिरा.

कलकत्त्याचे कविराज गणनाथ सेन यांनीं विसाव्या शतकाच्या आरंभीं ‘प्रत्यक्षशारीरम्’ हा संस्कृत ग्रंथ रचून धमनी व सिरा हे जुने शब्द आधुनिक अर्थानें योजिले. आज आपल्या शाळेच्या पुस्तकांतही ‘धमनी’ व ‘शिरा’ हे शब्द येतात. तेव्हां विद्यार्थ्यांनीं शास्त्रीय लेखनांत पुढील वहिवाट ठेवावी असें आम्ही सुचवितों. हृदयापासून निघणारी ती धमनी किंवा रोहिणी. हृदयाकडे येणारी ती शिरा किंवा नीला. दोहोंस जोडणारी ती केशवाहिनी. आणि वायूच्या वाटेस श्वासनलिका. एका उत्तरांत एकच जोडी वापरावी. ‘धमनी व नीला’ अशी मिसळ करूं नये. बोलण्यांतला ‘शीर’ हा शब्द बोलण्यांत खुशाल ठेवावा. ‘शीर आखडली’ म्हणतांना आपण स्नायु मनांत आणतों, ‘शीर दुखते’ म्हणतांना कदाचित् मज्जातंतु, आणि ‘शीर तुटली’ म्हणतांना रक्तवाहिनी. घरांत तेवढ्यानें काम भागतें; परीक्षेंत किंवा डॉक्टरापुढें भागत नाहीं. वर्तमानपत्रांत रस्त्यांस व लोहमार्गांस ‘देशाच्या धमन्या’ म्हणण्याची रीत आहे. ती अलंकार म्हणून चालेल. परंतु ज्या वाटेनें माल जातो त्याच वाटेनें येतोही, तिला ‘रक्तवाहिनी’ म्हटलेलें अधिक बरें.

सुश्रुताच्या धमनीस आजची धमनी समजून त्याचा अभिमान बाळगणें जितकें पोकळ आहे, तितकेंच तिला आजच्या मापानें मोजून त्यास हंसणें अन्यायाचें आहे. ज्यांनीं हातांत कुंचा घेऊन प्रेताचे थर उलगडले, आणि ज्यांनीं दोऱ्यानें धमनी बांधून पाहिली, ते एकाच शोधाच्या वाटेवरचे प्रवासी होते. म्हणून जुना ग्रंथ हातीं घेतां प्रत्येक पारिभाषिक शब्दाजवळ क्षणभर थांबावें व तीन प्रश्न विचारावेत. ह्या ग्रंथकारानें ह्या शब्दानें कोणती वस्तु दाखविली? ती त्यानें कशी पाहिली? आणि त्याच ग्रंथांत तो शब्द दुसरीकडे कोणत्या अर्थानें आला आहे? इतकें करावयास कोश, ग्रंथ व थोडा धीर एवढींच साधनें पुरतात, आणि तीं खेड्यांतल्या विद्यार्थ्यासही मिळण्याजोगीं आहेत.